व्हॅलेरियन पिचर होता तो उन्हाळा

क्वेकर्स हिल, १४ ऑक्टोबर १९७८

वसईच्या घरी मागच्या पायरीवर मी बोंबील साफ करायला बसले की माझा नवरा, रॉक, शेजारी येऊन बसायचा. मदत कसली करतोय! खिशातून चिंचोके काढायचा आणि बोंबलांवर डोळा ठेवून पुढे सरकणाऱ्या कावळ्यापुढे एकेक टाकायचा. चिंचोका बरोबर कावळ्याच्या पायाशी पडायचा. कावळा उडी मारून मागे जायचा, पुन्हा पुढे यायचा, पुन्हा चिंचोका. "मार की एकदा नीट," मी म्हणायचे. "मारायचं कशाला, एमिली? त्याला कळलं म्हणजे पुरे." बोंबील संपायचे, चिंचोके संपायचे, आणि एवढा वेळ आम्ही काय बोललो ते दोघांनाही सांगता आलं नसतं.

हे आज आठवलं, कारण व्हॅलेरियन संध्याकाळी घरी येऊन म्हणाला, "मम, पुढच्या मॅचपासून मी पिच करणार."

रॉक गेल्या वर्षी जूनमध्ये देवाघरी गेला. डेझीने, म्हणजे माझ्या नणंदेने, ही डायरी आणून दिली. म्हणाली, "वहिनी, भिंतीशी बोलतेस त्यापेक्षा हिच्याशी बोल." तर बोलते.

व्हॅलेरियन बावीस वर्षांचा आहे. कौन्सिलच्या ऑफिसात नकाशे काढतो. पण या भागात लोक त्याला ओळखतात ते बेसबॉलमुळे, आणि बेसबॉलमध्ये ओळखतात ते त्याच्या फटक्यांमुळे. त्याने मारलेला एक चेंडू मैदानाचं कुंपण आणि पलीकडचा रस्ता ओलांडून दूधवाल्याच्या गाडीत जाऊन पडला होता. रविवारी चर्चमधली मिस्सा संपल्यावर अनोळखी माणसं मला थांबवून ही गोष्ट सांगतात. मी दर वेळी "हो का?" म्हणते, जणू आजच ऐकतेय. गर्व हे पाप आहे असं कॉन्व्हेंटच्या सिस्टर्सनी शिकवलं होतं. पण परदेशात विधवा झालेल्या बाईला थोडं पाप देवानेही चालवून घ्यावं.

पिच करणं म्हणजे आपलं बोलिंग. मातीच्या उंचवट्यावर उभं राहून चेंडू टप्पा न पाडता फेकायचा. क्लबचा नेहमीचा पिचर नोकरीसाठी पर्थला गेला. बर्नी, त्यांचा कोच, याला नको म्हणत होता. यानेच हट्ट धरला.

"अरे, तुझं नाव मारण्यात आहे," मी म्हटलं. "चांगलं चाललंय ते कशाला बिघडवतोस?"

"पप्पा म्हणायचे मी फेकणारा आहे."

"पप्पा खूप काही म्हणायचे."

तो बूट काढायला वळला. रॉक मागच्या अंगणात उपड्या खोक्यावर बसून तो मोठा ग्लोव्ह धरायचा आणि हा फेकत असायचा. निम्मे चेंडू माझ्या वाळत घातलेल्या चादरींवर बसायचे. मला वाटायचं, बापलेकांचा वेळ जातोय, जाऊ दे.

२८ ऑक्टोबर

हे लिहू नये असं वाटतं. पण डायरीत खोटं लिहायचं तर ती ठेवायची कशाला?

या खेळात मारणाऱ्याच्या आवाक्याबाहेर चार चेंडू पडले की त्याला काही न करता बेसवर, म्हणजे धावेच्या पहिल्या थांब्यावर, चालत जाता येतं. आज दुपारभर माणसं चालतच होती. एकाला व्हॅलेरियनचा चेंडू पाठीत बसला, तोही चालत गेला. एक चेंडू तर मागच्या जाळीवर आदळला. बिचारा पंच खाली वाकला होता म्हणून वाचला.

लोक आधी हसले नाहीत. मग हसायला लागले. मागून कुणीतरी ओरडलं, "कुणीतरी नकाशा द्या रे त्याला!" सगळे खो खो हसले. आणि माझा मुलगा आठवडाभर नकाशेच काढत असतो.

माझ्या पुढच्या ओळीत एक हिरव्या टोपीची बाई बसली होती, तिथली कँटीन चालवते ती. डोळ्यांतलं पाणी पुसत ती माझ्याकडे वळली. चेहरा चांगला होता, वाईट हेतू काही नव्हता. मी एकटीच साडी नेसलेली, म्हणून तिने विचारलं असणार.

"यू विथ हिम, लव्ह?"

मी म्हटलं, "नो."

एवढ्यावर थांबले असते तरी चाललं असतं. पण कॉन्व्हेंटमध्ये शिकलेलं इंग्रजी तोंडातून पूर्ण वाक्यातच बाहेर पडतं. "नो, आय डोन्ट नो हिम. आय ओन्ली केम टू वॉच."

"चांगला दिवस निवडलास," ती म्हणाली आणि पुन्हा हसायला लागली.

मी उठून पाण्याच्या नळामागे, मोठ्या झाडाखाली जाऊन उभी राहिले. बर्नीने व्हॅलेरियनला बाजूला घेतलं तेव्हा त्याने डोळ्यांवर हात धरून माझी बसायची जागा शोधली. मग सगळी बाकं शोधली. मी झाडामागे सरकले.

मॅच संपल्यावर मी गाडीत जाऊन बसले. तो कँटीनपाशी मीट-पाय, ती इथली खिमा भरलेली कचोरी, खात त्या हिरव्या टोपीच्या बाईशी बराच वेळ बोलत उभा होता. घरी आल्यावर दोनदा भात घेतला. माझी मान वर होत नव्हती. तोच म्हणाला, "सोड ना, मम. आज मीसुद्धा मला ओळखलं नसतं."

स्वतःच्या खेळाची चेष्टा करतो तो. मला हसता आलं नाही.

२९ ऑक्टोबर

मिस्सेला गेले, पण कम्युनियनची पवित्र भाकर घ्यायला उठले नाही; पाप मनात ठेवून ती घेऊ नये. व्हॅलेरियनने गुडघे वळवून मला वाट करून दिली होती. मी बसूनच राहिले.

पेत्राने येशूला तीन वेळा नाकारलं, 'मी त्याला ओळखत नाही' म्हणून. पण त्याला निदान जिवाची भीती होती. मला कसली भीती होती? हिरव्या टोपीची.

११ नोव्हेंबर

दोन मॅचना गेले नाही. एकदा डोकं दुखतंय म्हटलं, एकदा लोणचं घालायचंय. इथे कैऱ्या मिळत नाहीत हे त्याला माहीत आहे. एकटाच किट घेऊन गेला.

डेझी आली होती. ती ब्लॅकटाउनला राहते, सगळ्यांच्या बातम्या तिला आमच्याआधी कळतात. इथे उन्हाळा नोव्हेंबरातच सुरू होतो; पंखा चालू करून त्याच्यासमोर पाय सोडून बसली.

"वहिनी, पोरगं हल्ली फेकतंय म्हणे. आणि लोक चालतायत म्हणे."

"हळूहळू सुधारतोय, असं तो म्हणतो."

"तू बघत नाहीस?"

"मला ऊन सोसत नाही."

"वसईच्या वाडीत भर दुपारी पानवेलीला पाणी घालणारी तू, तुला ऊन सोसत नाही!" डेझी हसली. मग चहाचा कप खाली ठेवून म्हणाली, "रॉकदादा असता तर खुर्ची घेऊन पंचाच्या मांडीवर बसला असता."

मी कप विसळायला उठले.

१८ नोव्हेंबर

आज कन्फेशनला गेले. तीन आठवडे टाळलं. जाळीपलीकडे फादर कीन होते. आयरिश आहेत, कानाने कमी ऐकतात, त्यामुळे हळू आवाजात पाप सांगायची सोय नाही. मी त्यांना म्हटलं, माझ्या मुलाला मी ओळखत नाही असं मी सांगितलं.

"कुणाला सांगितलंस? पोलिसांना?"

"नाही फादर, कँटीनच्या बाईला."

"काय केलं होतं त्याने?"

"वाईट पिचिंग."

पलीकडे खुर्ची करकरली. ते हसत होते की प्रार्थना करत होते, मला कळलं नाही. मग म्हणाले, "दहा नमो मरियाच्या प्रार्थना सांगितल्या तर तू त्या घरी जाईपर्यंत उरकशील. तुला प्रायश्चित्त हेच: मोठ्याने म्हण, तो माझा मुलगा आहे. माणसांसमोर. घरात नाही, चर्चमध्ये नाही."

"कुणासमोर, फादर?"

"ते तुझं तुला कळेल."

८ डिसेंबर

ब्लॅकटाउनला मासे घ्यायला गेले होते. रांगेत चार-पाच माणसं होती. म्हटलं, हीसुद्धा माणसंच. माझा नंबर आल्यावर मी गळा साफ करून म्हटलं, "माय सन इज अ पिचर."

मासेवाली म्हणाली, "दॅट्स लव्हली, डार्ल. डोकं ठेवू की काढू?"

घरी येईपर्यंत मला माहीत होतं, हे धरलं जाणार नाही. ज्यांना फरक पडत नाही त्यांच्यासमोर बोलण्यात कसलं प्रायश्चित्त? हिशेबात चलाखी करणाऱ्या मुलींना मदर सुपिरियर पुन्हा पहिल्यापासून करायला लावायच्या.

व्हॅलेरियन संध्याकाळी अंगणात एकटाच फेकत होता. भिंतीला खडूने चौकोन काढलाय. उपडं खोकं भिंतीपाशीच ठेवलंय, रिकामं. मी चादरी आधीच आत घेतल्या.

२० जानेवारी १९७९

आज जे झालं ते सगळं क्रमाने लिहिते.

सकाळी तो किट भरत होता. मी फुगे तळत होते. आमच्या वसईकडचे हे तळलेले गोल पाव त्याला गरम गरम आवडतात. म्हणाला, "मम, आज ये ना. हवं तर लांब बस. झाडाखाली बसलीस तरी चालेल."

झाडाखाली सावली असते म्हणून म्हणाला असेल. मी "बघते" म्हटलं आणि तो गेल्यावर साडी बदलली.

गेले, आणि झाडाखालीच बसले. डब्यात उरलेले फुगे, थर्मासमध्ये चहा. फळ्यावर समोरच्या टीमच्या नावापुढे शून्य, आपल्या नावापुढे एक. कुणी चालत नव्हतं. मारणारे बॅट फिरवत होते, चेंडू मागच्याच्या ग्लोव्हमध्ये चापकन बसत होता, आणि ते मान हलवत परत जात होते. मला वाटलं, बरं चाललंय की!

पण मग कुणी काहीच का बोलत नाही?

मी मुद्दाम लक्ष देऊन पाहिलं. आपली टीम आत आली की सगळी मुलं बाकाच्या एका टोकाला दाटीवाटीने बसायची. व्हॅलेरियन दुसऱ्या टोकाला एकटा. मध्ये चार माणसं बसतील एवढी जागा मोकळी. पाण्याची बाटली हवी असलेला मुलगा त्याच्यासमोरून न जाता मागून वळसा घालून गेला. बर्नी एरवी सारखा बोलत असतो. तो त्याच्या जवळून जाताना जमिनीकडे बघत गेला. व्हॅलेरियन टॉवेल डोक्यावर घेऊन बसला होता.

प्रेक्षकही गप्प. मी शेजारच्या म्हाताऱ्या गृहस्थांना विचारलं, "काही झालंय का?" त्यांनी ओठांवर बोट ठेवलं आणि तोंड फिरवलं.

मला हे माहीत होतं. मी लहान असताना आमच्या गावातल्या एका घराला वाळीत टाकलं होतं. त्यांच्या बाकावर चर्चमध्ये अशीच जागा रिकामी राहायची. कुणी वाईट बोलत नसे. नुसतं कुणी शेजारी बसत नसे. या देशात आम्हाला आठ वर्षं झाली, तोंडावर कुणी कधी काही बोललं नाही. पण न बोलणं मला ओळखता येतं.

त्याने काय केलं असेल? की त्याने काही केलेलंच नाही, नुसता रंग वेगळा म्हणून? आणि मनात आलं, एमिली, यांच्याआधी तू त्याला वाळीत टाकलंस. सुरुवात तू केलीस.

तेव्हा फादर कीनचं बोलणं कळलं. माणसांसमोर म्हणजे या माणसांसमोर.

मी डबा उचलला आणि चालायला लागले. कुंपणाला छोटं फाटक आहे, ते उघडलं. कँटीनच्या खिडकीतून ती हिरवी टोपी बाहेर आलेली दिसली. कुणीतरी "ओ नो" म्हणालं. मी थेट बाकापाशी गेले, व्हॅलेरियनच्या शेजारी त्या मोकळ्या जागेत बसले, आणि सिस्टर्सनी वक्तृत्वाच्या तासाला शिकवला तसा आवाज लावून म्हटलं,

"आय ॲम हिज मदर. धिस इज माय सन. अँड आय ॲम नॉट अशेम्ड ऑफ हिम."

बाकाच्या त्या टोकाची सगळी मुलं माझ्याकडे वळली. एकाने ग्लोव्हने स्वतःचं तोंड झाकलं. बर्नीने डोळे मिटले.

व्हॅलेरियनने डोक्यावरचा टॉवेल काढला. माझ्याकडे असा बघत राहिला की मला वाटलं हा आता रडणार. आणि मग तो हसायला लागला. रॉक गेल्यापासून तो असा हसलेला मी पाहिला नव्हता.

"ऐकलंत?" तो सगळ्यांना इंग्रजीत म्हणाला. "दॅट्स माय मम."

"तू खा काहीतरी," मी म्हटलं, कारण त्यानंतर काय म्हणायचं ते मी ठरवलं नव्हतं. त्याने तिथेच तीन फुगे खाल्ले. तेवढ्यात आपल्या टीमची मारायची पाळी संपली. उठून, तेलकट बोटं पँटला पुसत तो उंचवट्याकडे गेला. लहानपणापासूनची सवय, किती ओरडले तरी जात नाही.

पहिलाच चेंडू हातातून निसटल्यासारखा हळू, सरळ मधोमध गेला. समोरच्याने तो असा मारला की आवाज आधी आला आणि चेंडू दिसला नंतर. सगळ्या मैदानाने एकदम सुस्कारा सोडला. मग अजून एक फटका, मग अजून एक. एकाला दोन अशी आपली टीम मॅच हरली.

बर्नीने मला नंतर सांगितलं. वाईट पद्धतीने नाही, टोपी काढून सांगितलं. समोरच्या टीमला अख्ख्या मॅचमध्ये पिचरने एकही फटका मारू दिला नाही, तर ते या खेळातलं फार मोठं काम असतं. आणि तसं होत असताना त्या पिचरशी कुणी बोलायचं नाही. जवळ बसायचं नाही. विषय काढायचा नाही. अपशकुन होतो. म्हणून सगळे लांब बसले होते. सन्मान म्हणून.

"किती राहिलं होतं?" मी विचारलं.

"नऊपैकी दोनच इनिंग्ज, मिसेस तुस्कानो."

"आणि असं बरेचदा होतं का?"

त्याने टोपी हातात फिरवली. "मी दुसऱ्या महायुद्धानंतर या क्लबमध्ये आलो. अजून एकदाही नाही."

फाटकाशी ती कँटीनची बाई उभी होती. शर्ली तिचं नाव. हसत म्हणाली, "सो ही इज यॉर्स, लव्ह." तिला सगळं आठवत होतं. मला वाटलं, आत्ता इथे, या गवतावर, धरणी दुभंगावी.

गाडीत व्हॅलेरियन शीळ घालत होता. मी खिडकीबाहेर बघत रडत होते. म्हणाला, "मम, रडू नकोस गं. बेस्ट डे ऑफ द सीझन." आईचं मन राखायला इतकं खोटं बोलतो. या मुलाला मी नाकारलं, आणि ओळख द्यायला गेले ती अशी.

२१ जानेवारी

अपशकुन मानणं हेसुद्धा पापच. सिस्टर म्हणाल्या असत्या, एमिली, देव बेसबॉलच्या बाकावर कोण बसलं ते बघून निकाल ठरवत नाही. मला पटतं. मग रात्रभर झोप का आली नाही?

प्रायश्चित्त माझं होतं, भरलं त्याने.

१७ फेब्रुवारी

व्हॅलेरियनचा खांदा सुजलाय. फेकायचं बंद. डॉक्टर म्हणाले, मारायला हरकत नाही, पण पिचिंग या खांद्याला झेपणार नाही. बर्नीही म्हणाला, तुझी बॅट जास्त मोलाची आहे, मेट.

आणि आजच कळलं, त्याला राज्याच्या टीममध्ये घेतलं. मारणारा म्हणून. डेझी पेढे घेऊन आली, कुठून पैदा केले कुणास ठाऊक. "बघ वहिनी, सुटलं एकदाचं ते फेकण्याचं भूत! आता नाव काढेल."

व्हॅलेरियन मागच्या पायरीवर बसून बर्फ लावत होता. मी शेजारी जाऊन बसले. विचारायचं होतं, माझ्यामुळे सोडलंस का? विचारलं, "दुखतंय का?"

"थोडं. पण मजा आली ना, मम?"

मला काय मजा येणार होती? मी बर्फ बदलून आणला.

मी ठरवलंय, मैदानावर पुन्हा पाय ठेवायचा नाही. तो विचारत राहील. विचारू दे.

२२ सप्टेंबर १९८४

किती वर्षांनी ही डायरी उघडली! मधली पानं कोरीच आहेत. मधे व्हॅलेरियनचं लग्न झालं. विनीता पुण्याच्या डॉक्टर कुटुंबातली, इथेच वाढलेली. मला वाटलं होतं तिच्या घरचे चर्चला नाक मुरडतील, पण तिच्या आईने माझ्याकडून फुग्यांची कृती घेतली. त्यांची लहानगी ॲग्नेस दोन वर्षांची झाली.

आज क्लबचं जेवण होतं. व्हॅलेरियनने खेळ थांबवला, म्हणून त्याचा सत्कार. मी जाणार नव्हते. विनीता म्हणाली, "आई, तुम्ही नाही आलात तर हा स्टेजवर जाणार नाही, आणि मग मलाच भाषण करावं लागेल." गेले.

भिंतीवर त्याचे फोटो. सगळे बॅट घेतलेले. बर्नी आता फार थकलाय, काठी धरून उभा राहिला. दूधवाल्याच्या गाडीची गोष्ट झाली, राज्याच्या टीमची झाली. आणि मग म्हणाला, "याचं एक पिचिंग करिअरही होतं. एका उन्हाळ्याची. ते कसं संपलं हे इथे सगळ्यांना माहीत आहे, आणि संपवणारी बाई आज इथे बसली आहे."

सगळं सभागृह टेबलं वाजवायला लागलं. मी ताटातल्या बटाट्याकडे बघत राहिले. एवढ्या वर्षांनीही! नवी मुलं, जी तेव्हा क्लबमध्ये आलीही नसतील, तीसुद्धा हसत होती. एक तर उठून माझ्याजवळ आला आणि म्हणाला, "आर यू द मम? कॅन आय शेक युअर हँड?" चेष्टेलाही मर्यादा असावी. मी हात दिला, काय करणार!

व्हॅलेरियन स्टेजवर गेला. थोडं बोलला. शेवटी माझ्याकडे हात करून म्हणाला, "ती माझी आई. माझ्या शब्दावर विश्वास ठेवू नका, हवं तर तिलाच विचारा."

यावर सगळे हसले, पण शर्ली जितकी हसली तितकं कुणीच नाही. रुमाल डोळ्यांना लावून बसली. यात एवढं हसण्यासारखं काय होतं मला कळलं नाही. पण तिच्या तोंडाकडे बघवेना, म्हणून मी ॲग्नेसला फिरवायला बाहेर घेऊन गेले. ती बाई माझ्या मागे अंगणापर्यंत आली होती. मी गाडीत जाऊन बसले.

तिला मी एकदाही खरं उत्तर दिलेलं नाही. बाकावर बसून जे बोलले ते तिच्या टीमला, तिला नाही. तिने विचारलं होतं मला एकटीला, आणि तिच्या तोंडावर मी खोटं बोलले होते. फादर कीन आता नाहीत. पण माझ्या मते ते अजून बाकी आहे.

१२ ऑगस्ट १९८६

उद्या सकाळी हॉस्पिटलात भरती. परवा हृदयाची झडप बदलणार. डॉक्टर तरुण आहे, चांगला आहे, मला "मिसेस टी" म्हणतो आणि हे रोजचं काम आहे म्हणतो. त्याचं रोजचं असेल. माझं पहिलंच आहे.

व्हॅलेरियन दुपारी माझी बॅग भरून गेला. जाताना दारात थांबला. मला वाटलं काही विचारेल. म्हणाला, "मम, तिथे कुणाला विचारू का तुझ्या शेजारी बसायला? मी मॅच असल्यासारखा लांब बसेन." आणि मला हसवायला बघत होता. मी म्हटलं, "गाढवा, जवळ बस." बोलायचं होतं ते राहूनच गेलं. तोंड उघडलं की माझ्याकडून इंग्रजी भाषणच होईल अशी भीती वाटते.

तर काही झालंच तर, कुणाला काय ते इथे लिहून ठेवते. डेझीला सांगितलंय शेवटचं पान बघ.

डेझी: शिलाई मशीन तुझं. आणि वर्तमानपत्रांतली व्हॅलेरियनची सगळी कात्रणं, फटक्यांची. तू ती येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवशील, म्हणून तुलाच. माझ्या लग्नाचं लाल लुगडं कापून उशा करू नकोस.

विनीता: माझी सोन्याची पोत आणि बिडाचं पातेलं. पातेलं जास्त जपून वापर, तसं आता मिळत नाही.

ॲग्नेस: कानातली फुलं, मोठी झाल्यावर. आणि वसईच्या चर्चमध्ये एकदा तिला घेऊन जा, पहिल्या बाकावर बसवा.

बर्नी: रॉकचा रेडिओ. त्याला आता मैदानावर जाता येत नाही, ऐकायला बरं पडेल. त्याला सांगा, त्या दिवशी त्याने टोपी काढली होती, ते मी विसरले नाही.

कप आणि ढाली: क्लबला परत द्या. बॅटिंगच्या आहेत, तिथेच शोभतात.

व्हॅलेरियन: रॉकचं घड्याळ तुझ्याकडे आहेच. घर तुझं. तुला अजून काय देऊ ते मला सुचत नाही. एक काम मात्र कर.

माझ्या कपाटात वरच्या खणात एक पाकीट आहे. आत फोटो आहे, तू उंचवट्यावर उभा असलेला, हात मागे नेलेला. तुझा पिच करतानाचा हा एकच फोटो. बर्नीने क्लबच्या त्या जेवणाच्या दुसऱ्या दिवशी पोस्टाने पाठवला होता. तो कँटीनच्या शर्लीला द्यायचा आहे. मागच्या बाजूला मी कॉन्व्हेंटच्या अक्षरात इंग्रजीत लिहिलंय: येस, आय ॲम विथ हिम.

पोस्टाने पाठवू नकोस. तू स्वतः नेऊन दे. पाकीट मी चिकटवलेलं नाही.